अधोलोकातली फेरसुनावणी



होमरच्या ‘ओडिसी’च्या अकराव्या सर्गात ओडिसियस तलवारीने जमिनीत एक खड्डा खणतो. खड्डा एक हात लांब, एक हात रुंद. त्यात तो आधी मध घातलेलं दूध ओततो, मग मद्य, मग पाणी. वर जवाचं पीठ भुरभुरतो आणि शेवटी एक मेंढा व एक काळी मेंढी कापून त्यांचं रक्त खड्ड्यात सोडतो. मृतांचे आत्मे भोवती दाटी करतात, तेव्हा तो तलवार उपसून त्यांना अडवून धरतो. ज्याला तो रक्ताजवळ येऊ देईल तोच त्याच्याशी खरं बोलणार आहे आणि पहिला मान टायरेसियस या द्रष्ट्याचा आहे. त्या गर्दीत त्याला स्वतःची आई दिसते. तो ट्रॉयच्या युद्धाला निघाला तेव्हा ती जिवंत होती. त्याला रडू कोसळतं, पण तिलाही तो रक्तापाशी येऊ देत नाही. पुढे तिची पाळी येते, तेव्हा ती सांगते की तिला आजाराने नेलं नाही, त्याची वाट पाहण्याने नेलं. तो तिला मिठीत घ्यायला तीनदा पुढे होतो आणि तिन्ही वेळा ती सावलीसारखी हातातून निसटते.

या जागेला आपल्या भाषेत काय म्हणावं, हा पहिला प्रश्न. पाताळ म्हणता येत नाही. आपल्या पाताळात नाग नांदतात, बळीचं राज्य आहे, तिथे वैभव आहे. नरकही म्हणता येत नाही, कारण होमरच्या बहुतेक मृतांना तिथे शिक्षा होत नाही आणि बक्षीसही मिळत नाही. टँटलस, सिसिफस अशा मोजक्यांच्या यातनांचं वर्णन येतं खरं, पण त्या ओळी मूळच्या की मागाहून घातलेल्या, याबद्दल प्राचीन टीकाकारांनाच शंका होती. बाकी सारे, राजे असोत की खलाशी, एकाच अंधुक जागी वावरत असतात. म्हणून मी आज ‘अधोलोक’ हा कोरडा शब्द वापरणार आहे. माझं म्हणणं असं, की ग्रीक कवी आणि त्यांचे वारसदार आपल्या पात्रांना अधोलोकात नेतात ते मेल्यावर काय होतं हे सांगण्यासाठी नव्हे. वर, उजेडात, एखाद्या थोर काव्याने किंवा एखाद्या नगराने जो निवाडा देऊन टाकलेला असतो, तो पुन्हा सुनावणीला घेण्यासाठी ते खाली उतरतात.

अशा सुनावणीला ती जागा सोयीचीच आहे. तिथे सगळ्या पिढ्या एकाच वेळी हजर असतात, त्यामुळे वर ज्यांची भेट कधी झाली नसती त्यांना समोरासमोर उभं करता येतं. मृतांकडून कुणी काही हिरावून घेऊ शकत नाही, म्हणून ते तोंडदेखलं बोलत नाहीत. वरची बातमीही त्यांना नसते. ट्रॉयच्या युद्धातला ग्रीक सेनापती ॲगामेम्नॉन आपल्या मुलाची चौकशी करतो, तिथलाच योद्धा अकिलीस मुलाची आणि म्हाताऱ्या बापाचीही. पण सगळ्यात महत्त्वाचं ते रक्त. जिवंत माणसाने काही ओतल्याशिवाय मृतांना वाचा फुटत नाही. जुन्या काव्यातली पात्रंही अशीच असतात. नव्या कवीने आपल्या काळाचं काही त्यांच्यापुढे ठेवलं तरच ती बोलतात आणि कधीकधी पूर्वी बोलली होती त्याच्या नेमकं उलट बोलतात.

अकिलीसचंच पाहा. होमरच्याच ‘इलियड’च्या नवव्या सर्गात तो सांगतो की त्याच्यापुढे दोन वाटा आहेत: अल्प आयुष्य आणि अक्षय कीर्ती, किंवा घरी परतून दीर्घ आयुष्य आणि विस्मृती. त्याने कीर्ती पत्करली आणि सगळं ‘इलियड’ त्या निवडीच्या वजनावर उभं आहे. ते बोलणं ऐकणाऱ्यांत, त्याची समजूत घालायला आलेल्यांत, ओडिसियस होता. हाच ओडिसियस अधोलोकात त्याला म्हणतो की तुझ्याएवढा भाग्यवान कुणी नाही, जिवंतपणी आम्ही तुला देवासारखं मानलं आणि आता इथे मृतांवरही तुझीच सत्ता आहे. अकिलीस ते झिडकारतो. या सगळ्या मेलेल्यांचा राजा होण्यापेक्षा मी वर, स्वतःची जमीन नसलेल्या आणि जेमतेम पोट भरणाऱ्या माणसाकडे गडी म्हणून राबेन, असं तो सांगतो. त्याने गुलामाचं नाव घेतलेलं नाही, हेही पाहण्यासारखं आहे. गुलामाला निदान धन्याच्या घरात जागा असते. मोलमजुरी करणाऱ्याला तीही नसते. ‘इलियड’च्या नायकाला त्या जगातली शेवटची पायरी निवडायला लावून दुसऱ्या काव्याने पहिल्या काव्याचा निवाडा उघडला.

यावर एक आक्षेप येतो आणि तो वजनदार आहे. लगेच पुढे अकिलीस मुलाबद्दल विचारतो. तुझा मुलगा ट्रॉयमध्ये पराक्रमाने लढला, असं ओडिसियसने सांगताच तो आनंदाने लांब ढांगा टाकत निघून जातो. मग त्याने कीर्ती नाकारली कुठे? आक्षेप मान्य करूनही मला वाटतं की इथे माझं म्हणणं पक्कंच होतं. होमर जुना निवाडा रद्द करून त्याच्या जागी नवा लिहीत नाही. एकाच माणसाच्या तोंडी दोन्ही बाजू घालून तो खटला चालू ठेवतो. कीर्ती स्वतःसाठी नको, पण मुलासाठी हवी: या विसंगतीवर होमरने एक शब्दही खर्च केलेला नाही.

‘ओडिसी’च्या त्याच सर्गात एजॅक्स हा योद्धा भेटतो. अकिलीसच्या मृत्यूनंतर त्याची शस्त्रं कुणाला द्यायची या वादात ओडिसियस जिंकला होता आणि एजॅक्स जिवाला मुकला होता. ओडिसियस त्याला गोड शब्दांत विनवतो, ते बक्षीस मला मिळालंच नसतं तर बरं झालं असतं, असंही म्हणतो. एजॅक्स काही बोलत नाही. वळतो आणि मृतांच्या गर्दीत मिसळतो. उदात्ततेवरच्या ज्या प्राचीन ग्रंथाचा कर्ता म्हणून लाँजायनसचं नाव घेतात, त्यात हे मौन कुठल्याही भाषणापेक्षा मोठं म्हटलं आहे. हे मौन रोमन कवी व्हर्जिलने पुरतं ओळखलं होतं. ‘ईनिअड’च्या सहाव्या सर्गात काव्याचा नायक ईनिअस याला अधोलोकात डायडो भेटते. ही कार्थेजची राणी. देवांच्या आज्ञेवरून तो तिला सोडून गेला आणि तिने स्वतःला संपवलं. तो रडतो, मी आपखुशीने गेलो नाही असं सांगतो. ती जमिनीवर नजर खिळवून उभी राहते आणि मग आपल्या पहिल्या नवऱ्याकडे निघून जाते. रोमच्या स्थापनेचं माहात्म्य गाणाऱ्या महाकाव्यात, त्या स्थापनेची किंमत जिने मोजली तिला कवीने एजॅक्सच्या जागी उभं केलं आहे. ती क्षमा करत नाही आणि व्हर्जिलही तिला करायला लावत नाही. पुढे ईनिअसचा बाप त्याला जन्माला यायचे असलेले थोर रोमन दाखवतो. त्या मिरवणुकीचा शेवट होतो मार्सेलसपाशी. ऑगस्टसचा हा भाचा इ. स. पू. 23 मध्ये ऐन तारुण्यात वारला होता. त्यानंतर ईनिअस बाहेर पडतो तो हस्तिदंती दरवाजाने, ज्यातून खोटी स्वप्नं वर येतात. या दरवाजाचा अर्थ काय, यावर अभ्यासकांचं एकमत नाही. मला स्वतःला वाटतं की साम्राज्याच्या बाजूने लागलेल्या निकालाखाली सही करताना व्हर्जिलचा हात थबकला.

आता प्लेटो. ‘रिपब्लिक’च्या तिसऱ्या भागाच्या सुरुवातीला सॉक्रेटिस होमरच्या काही ओळींवर काट मारायला निघतो आणि त्यांत पहिलीच ओळ अकिलीसच्या या मोलमजुरीची आहे. त्या ओळी काव्य म्हणून वाईट आहेत, असं तो म्हणत नाही. जितक्या जास्त काव्यमय तितक्या जास्त घातक, कारण मरणापेक्षा गुलामीला ज्यांनी भ्यायचं त्या नागरिकांच्या कानांवर त्या पडू नयेत. पण सातव्या भागात गुहेचं रूपक येतं. गुहेबाहेरचा उजेड पाहिलेल्या माणसाला परत त्या सावल्यांच्या जगात मानमरातब मिळवावेसे वाटतील का, असं विचारताना प्लेटो तीच ओळ, होमरचं नाव घेऊन, स्वतः वापरतो. म्हणजे आता आपण जगतो तीच जागा अधोलोक ठरली. आणि दहाव्या भागात, ग्रंथाच्या अगदी शेवटी, एर या सैनिकाची कथा येते. लढाईत पडून बाराव्या दिवशी चितेवर उठून बसलेला हा माणूस, आत्मे आपला पुढचा जन्म कसा निवडतात हे पाहून आला आहे. एजॅक्स सिंहाचा जन्म घेतो, कारण शस्त्रांचा तो निवाडा अजून त्याच्या मनात सलतो आहे आणि त्याला पुन्हा माणूस व्हायचं नाही. ॲगामेम्नॉन गरुड होतो. ओडिसियसची चिठ्ठी सगळ्यांत शेवटी निघते. मागचे कष्ट आठवून त्याची महत्त्वाकांक्षा विझली आहे. तो बराच वेळ शोधतो आणि कुणीच न उचललेलं, आपलं काम भलं नि आपण भले अशा एका साध्या माणसाचं आयुष्य त्याला कोपऱ्यात पडलेलं सापडतं. पहिली चिठ्ठी माझी असती तरी मी हेच घेतलं असतं, असं तो म्हणतो. अकिलीसची ती ओळ जिथून हद्दपार झाली त्याच ग्रंथात तिचं सार ओडिसियसच्या आयुष्याचा निष्कर्ष होऊन परत आलं. होमरशी इतका दीर्घ आणि इतका प्रामाणिक झगडा दुसऱ्या कुणी केल्याचं मला दिसत नाही.

नाटककारांनी तर अधोलोकात उघडउघड न्यायालयच भरवलं. ॲरिस्टोफेनिसचं ‘बेडूक’ हे नाटक इ. स. पू. 405 मध्ये अथेन्समध्ये झालं आणि त्याला पहिलं बक्षीस मिळालं. युरिपिडीस आणि सॉफोक्लीस हे नाटककार नुकतेच वारले होते आणि स्पार्टाविरुद्धचं लांबलेलं युद्ध हातचं चाललं होतं. नाट्यदेव डायोनायसस युरिपिडीसला परत आणायला खाली जातो. तिथे आधीच्या पिढीचा नाटककार एस्किलस आणि युरिपिडीस यांच्यात थोर कोण, यावर वाद जुंपतो. कवितेच्या ओळी तराजूत घालून तोलल्या जातात. युरिपिडीस ‘मन वळवण्या’ची ओळ टाकतो, एस्किलस ‘मृत्यू’ची, आणि एस्किलसचं पारडं खाली जातं. पण निकाल शेवटी लागतो तो नगराला वाचवण्याचा सल्ला कोण देईल यावर, आणि वर येतो एस्किलस. याच नाटकात गायकवृंद प्रेक्षकांना थेट विनवतो की जुन्या राजकीय चुकांपायी ज्यांचे नागरिकत्वाचे हक्क गेले त्यांना ते परत द्या. पुढच्याच वर्षी अथेन्स शरण गेलं.

धर्माचं काय, असं कुणी विचारेल. ग्रीक लोकांची अधोलोकावर खरीखुरी श्रद्धा होती. एल्युसिस या तीर्थस्थानी हजारो लोक गूढविधींची दीक्षा घेत. ते खरं आहे. दक्षिण इटलीत हिपोनियन इथे एका थडग्यात सोन्याचा एक पातळ पत्रा सापडला. तो सुमारे इ. स. पू. 400 चा आहे. त्यावर मृत व्यक्तीसाठी सूचना कोरल्या आहेत: पांढऱ्या सुरूजवळच्या झऱ्याकडे जाऊ नकोस, पुढे स्मृतीच्या सरोवराचं पाणी माग, राखणदारांना अमुक उत्तर दे. पण हा मजकूर प्रेताबरोबर पुरायचा होता. तो मृताला वाट दाखवतो आणि त्याची शंका मिटवतो. काव्य नेमकं उलट्या दिशेने जातं. ते जिवंत श्रोत्यासाठी आहे आणि मिटलेली शंका ते उकरून काढतं.

मराठी श्रोत्याच्या मनात आणखी एक आक्षेप आला असेल, की आपल्याकडे यमाच्या घरी गेलेला नचिकेता आहेच. पण कठोपनिषदात यमाच्या घरी यमच बोलतो, तिथे दुसरा कुणी मृत तोंड उघडत नाही. होमरच्या त्या सर्गात हेडीस हा अधोलोकाचा देव दिसतही नाही, मृतच बोलतात. खरी तुलना महाभारताशी व्हावी. स्वर्गारोहणपर्वात युधिष्ठिराला दुर्योधन स्वर्गात आणि आपले भाऊ नरकात दिसतात. सगळ्या युद्धाचा निकाल क्षणभर उलटा होतो. आश्रमवासिकपर्वात व्यास मेलेल्या योद्ध्यांना एका रात्रीपुरते गंगेतून वर आणतात. या दोन प्रसंगांची उंची होमरपेक्षा तसूभरही कमी नाही. फरक असा, की गंगेतून वर आलेले ते वीर वैर विसरून आलेले असतात आणि युधिष्ठिराला दिसलेला नरक ही माया होती, हे त्याला पुढे कळतं. एजॅक्सचा राग कुठल्याही गंगेत धुतला जात नाही. महाभारताला शांतीकडे जायचं आहे. ग्रीक अधोलोकात ती वाट नाही.

ऑर्फियसची कथा तर प्रेमाची आहे, तिच्यात कसली सुनावणी, असंही विचारता येईल. पण मेलेल्या बायकोला, युरिडिसीला, अधोलोकातून परत आणताना त्याने मागे वळून पाहिलं आणि तिला गमावलं; त्या अपयशावर प्रत्येकाने निकाल दिला आहे. प्लेटोच्या ‘सिंपोझियम’मध्ये एक वक्ता म्हणतो की त्याला जीव द्यायचं धैर्य नव्हतं, म्हणून देवांनी त्याला नुसती छाया दाखवली. व्हर्जिलला त्यात प्रेमाचा भ्रम दिसतो आणि क्षमेला जागाही दिसते. ओव्हिड विचारतो की आपल्यावर प्रेम केलं याखेरीज युरिडिसीने कशाची तक्रार करायची?

एका प्रकरणाकडे मात्र फार काळ कुणी वळलं नाही. ‘ओडिसी’च्या बाविसाव्या सर्गात ओडिसियस घरी परतून आपली बायको पेनेलोपी हिच्या मागे लागलेल्या पुरुषांना मारतो. त्यांच्याशी संग केलेल्या बारा दासींना रक्ताने माखलेला दिवाणखाना धुवायला लावलं जातं आणि मग ओडिसियसचा मुलगा टेलेमॅकस त्यांना एकाच दोराला ओळीने फाशी देतो. चोविसाव्या सर्गात अधोलोक पुन्हा उघडतो. हर्मीस हा देव त्या मेलेल्या पुरुषांना खाली नेतो आणि त्यांच्यातला एकजण ॲगामेम्नॉनला आपली सगळी कहाणी ऐकवतो. दासींच्या फाशीचा तिथे उल्लेखही नाही. त्यांना रक्त पाजायला कुणी गेलं नाही. 2005 साली मार्गारेट ॲटवुड या कॅनडाच्या लेखिकेने ‘पेनेलोपियाड’ लिहिली. तिच्यात पेनेलोपी अधोलोकातून बोलते आणि तिच्या बोलण्याच्या मधेमधे त्या बारा जणी वृंद होऊन, ओडिसियसचं नाव घेऊन, आपली बाजू मांडतात.