कडूसं कुठं सापडतं?

आजचा भाग थोडा कोडिंगचा आहे, थोडा माझ्या आजीचा. बसमध्ये ऐकत असाल तर गणित म्हटल्यावर पुढं ढकलू नका, एकच मोठा आकडा येणार आहे.

अर्जेंटिनाच्या बोर्हेसची १९४१ सालची एक गोष्ट आहे, बाबेलच्या ग्रंथालयाची. तेव्हा तो स्वतः ब्युनोस आयरेसमधल्या एका वाचनालयात नोकरी करत होता. गोष्टीत सगळं विश्व म्हणजेच षटकोनी खोल्यांचं ग्रंथालय. प्रत्येक पुस्तक ४१० पानांचं, पानावर ४० ओळी, ओळीत साधारण ८० अक्षरं. चिन्हं फक्त २५. त्यांची जितकी म्हणून जुळणी होईल, ती सगळी पुस्तकं तिथं आहेत. मी हिशोब केला. पुस्तकं १८ लाख नाहीत, पुस्तकांची संख्या लिहायलाच १८ लाखांहून जास्त अंक लागतात!

तिथली माणसं घरची खोली सोडून मोहिमेवर निघतात. आपल्या आयुष्याचं समर्थन करणारं एखादं पुस्तक असेलच, या आशेवर. वाटेत भांडतात, जिन्यांवर एकमेकांचे गळे आवळतात. कॉलेजात वाचलं तेव्हा मला वाटलं, यांच्याकडं सगळं आहे, फक्त दिशा नाही. हातातल्या पुस्तकावरून हवं ते पुस्तक कुठल्या बाजूला असेल, हे कळायला मार्गच नाही.

दिशा आली २०१३ मध्ये. गूगलमधल्या टोमास मिकोलोव्ह आणि सहकाऱ्यांनी वर्ड-टू-वेक काढलं. कल्पना साधी आहे. शब्द कुणाच्या संगतीत येतो, ते बघून त्याला शंभर-तीनशे आकड्यांचा पत्ता द्यायचा. सारख्या संगतीचे शब्द जवळ येतात. ‘राजा’मधून ‘पुरुष’ वजा करून ‘स्त्री’ मिळवली की ‘राणी’पाशी पोचतो, हे उदाहरण ऐकलं असेल. (खरं म्हणजे उत्तर शोधताना ‘राजा’ला आधीच बाद करतात, नाहीतर बऱ्याचदा तोच परत येतो. डेमोत हे कुणी सांगत नाही.)

मग मीपण मोहीम काढली. मराठी विकिपीडियाचा मजकूर, फास्टटेक्स्ट हे टूल आणि रात्रभर गरम झालेला लॅपटॉप. सकाळी ‘संध्याकाळ’पासून निघालो. ‘सायंकाळ’ आलं, ‘रात्री’ आलं. भारी वाटलं. मग आजीचा शब्द टाकला, ‘कडूसं’. आजी माणदेशातली. अंधारून आलं की म्हणते, ‘कडूसं पडलं, शेरडं आत घ्या.’

स्क्रीनवर आलं कडू, कडूपणा, कडूनिंब.

कारण सांगतो. पाचपेक्षा कमी वेळा आलेला शब्द हे टूल यादीतच घेत नाही. पण पत्ता तर मागितलाय, म्हणून ते अक्षरांचे तुकडे जोडून अंदाजे पत्ता देतं. ‘माहीत नाही’ असं म्हणतच नाही. बोर्हेसच्या ग्रंथालयात कडूसं नक्की आहे, पण सापडणार नाही. माझ्या नकाशात सापडतं, तेही कडूनिंबाखाली.

आजीला फोन केला. म्हटलं, “आजी, कडूसं म्हणजे संध्याकाळच ना?”

“न्हाय रं. सांजंला मानूस वळखू येतो. कडूसं पडल्यावर आवाजावरनंच वळखायचा.”

हे कुठल्याच फाईलमध्ये नव्हतं. आजी आता ८३ वर्षांची आहे आणि हल्ली मलाही कधी कधी आवाजावरूनच ओळखते, दुपारीसुद्धा.

ठरवलं, तिचीच वाक्यं टाईप करून मजकुरात घालायची. पाच वाक्यं झाली की शब्द यादीत येईल. नकाशा त्यानं फार हलणार नाही, पण स्वतःचा पत्ता तरी मिळेल. पण “आजी, कडूसं घालून एक वाक्य बोल” म्हटलं की चिडते. “किती येळा त्येच इचारतूस?” मुद्दाम विचारलं की शब्द येत नाही. म्हणून मी रोज साडेसहा-सातला फोन करतो आणि शेरडांचं विचारतो.

पाचवं वाक्य मीच लिहू शकलो असतो. लिहायला बसलो, तर लक्षात आलं, हा शब्द मी आयुष्यात एकदाही वापरलेला नाही. बाहेर बघितलं तर सोसायटीचे दिवे केव्हाच लागलेले.

सध्या चार वाक्यं झालीत. सात वाजत आलेत, फोन लावायचाय, म्हणून आज इथंच थांबतो.