कसब एकाचं, कारकीर्द अनेकांची



 पदवीदान समारंभात शास्त्रज्ञाचा किंवा उद्योजकाचा दाखला देण्याची रीत आहे. आपल्या रत्नागिरी जिल्ह्यात मात्र वाडीवाडीत कबड्डीचं मैदान आखलं जातं, म्हणून मी आज खेळाडूच्या कारकिर्दीविषयी बोलणार आहे. कसब खेळाडूचं स्वतःचं असतं. त्याची कारकीर्द होते ती मागे उभ्या राहणाऱ्या संस्थांमुळे, आणि उद्या त्या संस्था आज पदवी घेणारे तुम्हीच चालवणार आहात, एवढंच मला सांगायचं आहे.

कबड्डीची चढाई ३० सेकंदांची. चढाईपटू समोरच्या सातजणांत एकटा शिरतो, एखाद्याला शिवून परततो, तेव्हा गुण मिळतोच. शिवाय त्याच्या संघाचा बाद झालेला एक गडी पुन्हा मैदानात येतो. एकट्याच्या पराक्रमातही असा सगळ्यांचा हिशेब गुंतलेला असतो. प्रो कबड्डी ही व्यावसायिक लीग २०१४ साली सुरू झाली. त्याआधी कोकणातल्या चांगल्या खेळाडूची वाट ठरलेली होती: गावचं मंडळ, मग मुंबई आणि एअर इंडिया, महिंद्र, भारत पेट्रोलियम अशा एखाद्या संघातून नोकरी. आता या लीगमध्ये खेळाडूंचा लिलाव आला. चंदगड तालुक्यातला सिद्धार्थ देसाई २०१८ साली यू मुंबा संघाकडून चढायांत दोनशेहून अधिक गुण मिळवतो आणि पुढच्याच वर्षी तेलुगू टायटन्स त्याच्यासाठी १ कोटी ४५ लाख मोजतात. ही प्रगती आहे, यात शंका नाही.

मग कोणी म्हणेल, बाजार खेळाडूला पोसतोय, संस्थांची गरज काय? गरज आहे, कारण बाजार मोसम विकत घेतो, आयुष्य नाही. खांदा किंवा गुडघा एकदा दुखावला की पुढच्या लिलावात बोली खाली येते. अमेरिकेत कॉलेजच्या फुटबॉलमागे अफाट पैसा आहे. तरी तिथले शंभरातले दोन खेळाडूही व्यावसायिक लीगपर्यंत पोचत नाहीत. उरलेल्यांच्या हाती राहते ती पदवी. म्हणून सामन्यामुळे हुकलेली परीक्षा पुन्हा घेणारं कॉलेज हे उपकार करत नसतं, आपलं काम करत असतं.

दुसरा आक्षेप अधिक टोकदार आहे. सरकारी नोकऱ्यांत खेळाडूंना ५ टक्के आरक्षण आहे, पण बोगस प्रमाणपत्रांनी ते बदनाम झालं, मग ते हवंच कशाला? बोगस प्रमाणपत्रं निघाली, हे खरं. पण प्रत्येक खोट्या कागदावर कुणा पदवीधराची सही असते आणि तो पडताळून न पाहणाराही पदवीधरच असतो. दोष सवलतीचा नाही, त्या सहीचा आहे.

सही करणाऱ्या माणसाने किती फरक पडतो, हे समजायला खाशाबा जाधवांकडे पाहा. राजाराम कॉलेजात शिकलेल्या या मल्लाकडे हेलसिंकी ऑलिंपिकला जायला पैसे नव्हते, तेव्हा प्राचार्य खर्डेकरांनी स्वतःचं घर गहाण टाकून ७ हजार रुपये उभे केले. तिथे १९५२ साली त्यांनी स्वतंत्र भारताला पहिलं वैयक्तिक ऑलिंपिक पदक मिळवून दिलं. त्याच खाशाबांना पुढे पोलीस खात्यातली नोकरी संपल्यावर पेन्शनसाठी झगडावं लागलं, आणि अर्जुन पुरस्कार मिळाला तो मरणोत्तर. माणूस तोच, पदक तेच. एका खुर्चीतल्या माणसाने जबाबदारी आपली मानली, दुसऱ्या खुर्च्यांवरच्यांनी फाईल पुढे ढकलली.

तुमच्यातले फार थोडे मैदानावर नाव काढतील. बहुतेकजण शाळेत, बँकेत, तहसील कचेरीत, कंपनीत बसतील आणि कुणाची तरी रजा, बदली, शिष्यवृत्ती किंवा पेन्शन तुमच्या सहीसाठी थांबलेली असेल. घर गहाण टाका, असं कुणी तुम्हाला सांगणार नाही. समोरची फाईल त्याच दिवशी वाचा, खोट्या कागदावर सही करू नका आणि खऱ्या कागदाला ताटकळत ठेवू नका. या पदवीकडून समाजाची एवढी अपेक्षा रास्त आहे.