ललिता पवारांचा डावा डोळा

(सासू-सून नात्यावरील शिबिरात केलेल्या भाषणाचे शब्दांकन)



समुपदेशनासाठी येणाऱ्या मुलींच्या तोंडून एक वाक्य मी अनेकदा ऐकते : "ताई, आमच्या घरात ललिता पवार आहे." पुढे काही सांगावे लागत नाही. एका नटीचे नाव आपल्या भाषेत सासूचे विशेषण होऊन बसले आहे. आज त्या नटीविषयीच बोलायचे आहे.

येवल्याला १९१६ साली जन्मलेली ही मुलगी मूकपटांच्या काळात, लहान वयातच कॅमेऱ्यासमोर आली. १९२८ च्या 'राजा हरिश्चंद्र'मध्ये तिने काम केले. पगार महिना १८ रुपये. त्याच्या पंधराच वर्षे आधी फाळक्यांना तारामतीसाठी बाई मिळाली नव्हती. ते काम अण्णा साळुंके या पुरुषाने केले. चांगल्या घरच्या बायका सिनेमात जात नसत, एवढेच आपल्याला सांगितले जाते. ज्या गेल्या त्यांनी तिथे काय कमावले आणि काय गमावले, याचा हिशेब मात्र कोणी मांडत नाही.

ललिताबाई नायिका झाल्या. 'हिम्मत-ए-मर्दा'मध्ये (१९३५) त्या गायल्याही. 'कैलाश' (१९३२) हा मूकपट आणि 'दुनिया क्या है' (१९३७) हा बोलपट यांच्या निर्मितीत त्यांचा वाटा होता. वय किती, तर विशीच्या अलीकडे-पलीकडे!

मग आले १९४२ साल. 'जंग-ए-आझादी'च्या चित्रीकरणात त्यांना थोबाडीत मारण्याचा प्रसंग होता. सहकलाकार भगवान यांचा हात फार जोरात बसला. चेहऱ्याला अर्धांगवायू झाला, उपचार लांबत गेले आणि डावा डोळा कायमचा बारीक राहिला. नायिकेचे दिवस संपले. तेव्हा त्या २६ वर्षांच्या होत्या.

हा किस्सा सिनेमाच्या मासिकांतून नेहमी 'नशिबाचा फेरा' म्हणून येतो. मला तो कामाच्या जागी झालेला अपघात वाटतो. गिरणीत बोट तुटले तर आपण मालकाकडे बोट दाखवतो. कामगार नुकसानभरपाईचा कायदा देशात १९२३ पासून होता. पण नटीला कामगार कोण समजतो? सिने-कामगारांच्या नोकरीच्या अटींसाठी वेगळा कायदा आला तो थेट १९८१ मध्ये.

बाई घरी बसल्या नाहीत. 'रामशास्त्री'तल्या (१९४४) आनंदीबाई त्यांच्याच. आणि मग त्या बारीक डोळ्याचा उद्योगाने भरपूर उपयोग करून घेतला. नायकाच्या कपाळावरची खोक शौर्याची, बाईचा अधू डोळा मात्र दुष्टपणाचा! 'दहेज'मधली (१९५०) सासू घ्या, नाहीतर दूरदर्शनवरच्या 'रामायणा'तली (१९८७) मंथरा. याच चेहऱ्याने 'अनाडी'त (१९५९) मिसेस डिसा ही मायाळू घरमालकीण उभी केली आणि त्यासाठी सहाय्यक अभिनेत्रीचे फिल्मफेअर पारितोषिक मिळवले. 'आनंद'मधली (१९७१) मेट्रनही तीच. म्हणजे दोष डोळ्यात नव्हता. पण बोलीत उतरली ती सासूच.

याने सोय कोणाची झाली? हुंड्याची बैठक बसते तेव्हा बोलणारे बहुतेक पुरुष असतात. रक्कम ते ठरवतात. लग्नानंतर टोमणे मारायचे, फ्रिज आला नाही म्हणून सुनेचे जेवण तोडायचे, ही कामे सासूकडे येतात. ती छळ करते, यात शंका नाही. तिला मी पाठीशी घालत नाही. पण पडद्यावर दिवाणखान्यात पेपर वाचत बसलेला सासरा आणि "आई, जाऊ दे ना" म्हणणारा नवरा सुटतात, तसेच ते आपल्या अर्जांतूनही सुटतात. एका मुलीच्या तीन पानी अर्जात नवऱ्याचे नाव फक्त पत्त्यात होते.

तेव्हा आता गटचर्चेला बसाल, तेव्हा माझी एक विनंती आहे. हातातल्या अर्जाच्या नमुन्यात 'त्रास कोण देते' हा रकाना आहे. त्याच्या खाली आणखी दोन प्रश्न लिहून घ्या : पैसे कोणी मागितले, आणि आलेले पैसे कोणाच्या नावावर जमा झाले.