ओल्गा चेकॉव्हानं दिग्दर्शित केलेला एकुलता एक चित्रपट

आज एका जर्मन मूकपटाबद्दल बोलायचं आहे. 1929 सालचा 'डेर नार झाइनर लीबे', म्हणजे प्रेमापायी खुळा झालेला. दिग्दर्शन ओल्गा चेकॉव्हाचं.

ओल्गा मूळची रशियातली. तिची आत्या ओल्गा क्निपर ही नाटककार अंतोन चेकॉव्हची पत्नी. आत्या दिली त्याच घरात भाचीही गेली. 1914 मध्ये तिनं चेकॉव्हच्या पुतण्याशी, नट मिखाइलशी लग्न केलं. ते फार टिकलं नाही. क्रांतीनंतर ती बर्लिनला आली, 1921 मध्ये दिग्दर्शक मुर्नाऊच्या चित्रपटात चमकली आणि बघता बघता मोठी नटी झाली.

1928 मध्ये मिखाइलनंही रशिया सोडला. मॉस्कोत त्यानं हॅम्लेट गाजवला होता. इकडे जर्मन रंगभूमीवर भाषाच परकी. माक्स राइनहार्टच्या एका नाटकात त्याला विदूषकाचं काम मिळालं. एका प्रयोगात रंगमंचावर बोलता बोलता त्याला वाटलं, आपण बाहेर उभे आहोत आणि समोरच्या विदूषकाचं दुःख पाहतो आहोत. पुढे त्यानं हा अनुभव लिहून ठेवला.

ओल्गानं त्यालाच आपला नायक केलं. कथा आंरी बातायच्या 'पोलिश' या फ्रेंच नाटकाची. त्यातला प्रियकर आवडत्या बाईला रिझवायला सतत विदूषकी सोंग आणतो आणि आपलं हळवं मन त्याखाली दडपतो. मूकपटात नटाचे उच्चार आड येत नाहीत. मधल्या पाट्या देशोदेशीच्या भाषेत बदलता येतात. नटाला बोलायचं असतं ते डोळ्यांनी, खांद्यांनी, बोटांनी. परक्या मुलखातल्या या थोर नटाला याहून सोयीचं माध्यम कुठलं? कधीकाळच्या नवऱ्याला नेमकी ही भूमिका देण्यात मला मनाचा मोठेपणा दिसतो आणि दिग्दर्शकाची पारखही.

1929 मध्येच बर्लिनमध्ये बोलपट आले आणि मूकपटांचे दिवस भरले. मिखाइल पुढे अमेरिकेत गेला. हिचकॉकच्या 'स्पेलबाउंड'साठी त्याला ऑस्करचं नामांकन मिळालं, मेरिलिन मन्रो त्याच्याकडे अभिनय शिकली. ओल्गाचं नाव निघालं की मात्र चर्चा होते हिटलरशेजारच्या तिच्या छायाचित्राची आणि हेरगिरीच्या वावड्यांची. हे मला फार खटकतं. तिनं पुन्हा चित्रपट दिग्दर्शित केला नाही, पण केला तो एक तिच्या नावावर आहे. तुमच्या गावच्या फिल्म सोसायटीत मूकपटांवर बोलणं निघेल, तेव्हा दिग्दर्शकांमध्ये ओल्गा चेकॉव्हाचं नाव आवर्जून घ्या.