छत्री कुणाच्या डोक्यावर?
(पिंपरीतल्या बैठकीत केलेलं भाषण)



मी गोदीतला कामगार. मॅट्रिक पास. तुम्ही चाकणला गाड्या जोडता, आम्ही मुंबई बंदरात त्या जहाजाच्या पोटात पट्ट्यांनी आवळून बांधतो. कविता करणाऱ्या हमालाला मिसाइलवर बोलायचा अधिकार काय, असं कुणी विचारील. पडलं तर ते आपल्याही डोक्यावर पडणार, एवढा अधिकार पुरे.

तुमच्या भोवती बघा. देहूरोडला दारूगोळ्याचा डेपो, ऑर्डनन्स फॅक्टरी. दिघीत लाँचर घडवणारी डी.आर.डी.ओ.ची संस्था. पाषाण-सुतारवाडीला रॉकेटचं जळण नि स्फोटकं यांची प्रयोगशाळा. शत्रूच्या नकाशावर हा पट्टा कोरा असेल काय? याच देहूरोडला २५ डिसेंबर १९५४ रोजी बाबासाहेबांनी बुद्धमूर्ती बसवली. आणि १९७४ च्या पहिल्या अणुस्फोटाला नाव चिकटलं हसऱ्या बुद्धाचं! कुणाला विचारून?

आता सांगतात, भिऊ नका, ढाल तयार होतेय. २७ नोव्हेंबर २००६ रोजी ओरिसाच्या किनाऱ्यावरून 'पृथ्वी' सोडलं, आणि 'पृथ्वी'वरूनच घडवलेल्या दुसऱ्या मिसाइलनं ते सुमारे पन्नास किलोमीटर उंचीवर फोडलं. पुढच्या वर्षी पंधरा किलोमीटरवर फोडणारंही आलं. काम हुशारीचं, मी नाकारत नाही. पण चाचणीत कोण सोडणार, कुठून सोडणार, सगळं ठरलेलं असतं. शत्रू तार करून येत नाही. शेजारच्या देशातून निघालेलं मिसाइल आठ-दहा मिनिटांत इथं. तेवढ्यात रडारनं बघायचं, गणित करायचं, सोडायचं, आदळायचं. त्यात ते बॉम्बासोबत पोकळ फुगे सोडू शकतात. हवा नसलेल्या उंचीवर फुगा नि बॉम्ब सारखेच धावतात. गोदीत आम्ही खोकं उचलून सांगतो, भरलंय की रिकामं. तिथं उचलून कोण बघणार?

आणि यंत्र चुकतं. २५ फेब्रुवारी १९९१, सौदीतलं धहरान. अमेरिकेची 'पेट्रियट' बॅटरी शंभर तास सलग चालू होती. तिचं घड्याळ एका सेकंदाच्या तिसऱ्या हिश्शाएवढं सरकलं. रडारनं भलतीकडे पाहिलं, इराकचं स्कड गोदामावजा बराकीवर पडलं, २८ सैनिक मेले. दुरुस्त केलेला प्रोग्राम दुसऱ्या दिवशी पोचला. तेही साधं स्कड, अणुबॉम्ब नव्हे. धरा की ढाल शंभरातली नव्व्याण्णव अडवते. उरलेल्या एकाला शहर पुरतं.

बड्यांना हे ठाऊक होतं. १९७२ ला अमेरिका-रशियानं ढालींवर मर्यादा घालणारा करार केला, कारण ढाल वाढली की समोरचा भाले वाढवतो. २००२ ला अमेरिका त्यातून बाहेर पडली.

आपल्याकडे ढाल आधी दिल्ली-मुंबईला, अशा बातम्या २०१२ साली छापून आल्या. म्हंजे आकाशातसुद्धा गावकूस! मे २०२५ मध्ये देशभर नागरी संरक्षणाची रंगीत तालीम झाली. भोंगा वाजला की आसऱ्याला जा म्हणतात. भाटनगरच्या माणसानं कुठल्या आसऱ्याला जायचं? पत्र्याखाली? चाकणच्या रात्रपाळीतल्या कंत्राटी पोरानं लाइन सोडली तर त्याचा रोज कापणार की नाही? महापालिकेत जा, फॅक्टरीच्या गेटवर जा, हे लेखी विचारा. उत्तर आलं तर पुढच्या अंकात छापू. नाही आलं, तर तेही छापू.