ज्याची कथा, त्याच्या मुखी
(संस्थेच्या महोत्सवी समारंभातील भाषण)



"आपण कोण?" हा प्रश्न लोधीखेड्याच्या माणसास नवा नाही. 1 नोव्हेंबर 1956 रोजी नागपूर मुंबई राज्यात गेले आणि सौंसर-पांढुर्ण्याचा आपला मुलूख मध्यप्रदेशात राहिला. घरी मराठी, कचेरीत हिंदी. बाजार नागपूरचा, राजधानी भोपाळची. माणसाची ओळख सरकारी रकान्यात मावत नाही, हे आपण अनुभवाने जाणतो. म्हणूनच, इतरांची ओळख आयुष्यभर शोधणाऱ्या एका अनुबोधपटकाराविषयी दोन शब्द बोलावे, असे आम्ही योजिले आहे.

श्री. आनंद पटवर्धन यांचा जन्म 1950 साली मुंबईत झाला. 1985 च्या 'हमारा शहर' या अनुबोधपटात त्यांनी, ज्यांच्या झोपड्या पाडल्या जात होत्या त्यांचे म्हणणे टिपले. त्यात गाणारे शाहीर विलास घोगरे स्वतः झोपडीत राहणारे, दलित समाजातले आणि डाव्या चळवळीचे गायक.

11 जुलै 1997 रोजी घाटकोपरच्या रमाबाई नगरात डॉ. बाबासाहेब आंबेडकरांच्या पुतळ्याची विटंबना झाली. निषेधार्थ जमलेल्यांवर पोलिसांनी गोळीबार केला. 10 माणसे मृत्यू पावली. त्यानंतर चारच दिवसांनी घोगरे यांनी आपली जीवनयात्रा संपविली. लाल झेंड्याखाली गायिलेल्या या शाहिराने अखेरीस मस्तकी निळे कापड बांधले होते.

ते का, याचे उत्तर देण्याची पटवर्धनांनी घाई केली नाही. 14 वर्षे ते वस्तीत जात राहिले. मृतांचे आप्त, गाणारी तरुण मुले, न्यायालयाची दिरंगाई, सारे त्यांनी पाहिले, ऐकिले. 2011 साली पूर्ण झालेला 'जय भीम कॉम्रेड' तीन तासांहून मोठा आहे. कारण त्यात वस्तीतील माणसे स्वतः बोलतात, स्वतः गातात.

कोणी म्हणेल, कॅमेरा आणि कात्री तर पटवर्धनांच्याच हाती होती! ते खरेच आहे. दुसऱ्याची कथा सांगणाऱ्यावर म्हणूनच मोठी जबाबदारी असते. ती 14 वर्षांच्या सोबतीने पेलता येते. एका दिवसाच्या भेटीने नव्हे.

मंडळी, धर्मादाय कार्यात देणारा भाषण करतो आणि घेणारा हात जोडून उभा राहतो, अशी जगाची रीत आहे. ती आपण मोडावी. संत्र्याच्या बागेत राबणारी बाई, शिष्यवृत्तीवर शिकलेला मुलगा, गावकुसाबाहेरचे वृद्ध यांजकडे आपल्या तरुणांनी वारंवार जावे. त्यांचे बोलणे त्यांच्याच बोलीत उतरवावे, त्यांस वाचून दाखवावे आणि त्यांची संमती असेल तरच छापावे. पुढील स्मरणिकेत देणगीदारांच्या यादीइतकीच पाने या मंडळींस मिळावीत, एवढी विनंती करून आम्ही आपली रजा घेतो.