गुपित ठेवायला जागा लागते

(कल्याण पूर्वेला कादंबरीवरच्या अभ्यासवर्गात केलेलं भाषण. बोललो तसंच ठेवलंय. शिव्या तेवढ्या काढल्यात.)



मला विषय दिला तो असा : आठवण, प्रेम, ताटातूट आणि घरातली गुपितं यांवरच्या साहित्यिक कादंबऱ्या. चिठ्ठी वाचून पहिल्यांदा हसू आलं. म्हटलं, हा विषय आपल्याला कसा काय? मी गोदीत काम करतो. दहावी पास. कंत्राटदाराच्या टोळीत, हजेरी लागली तर पगार. पोर्ट ट्रस्टची आता पोर्ट अथॉरिटी झालीय. पाटी बदलली, गोणीचं वजन तेच. मला बेकारीवर बोल म्हणाले असते, दंगलीवर बोल म्हणाले असते, तर उभ्या उभ्या तासभर बोललो असतो. प्रेमावर बोलायचं म्हणजे घसा सुकतो. पण एक कबुली आधीच देऊन टाकतो, नाहीतर पुढचं सगळं खोटं ठरेल. मला असल्या कादंबऱ्या आवडतात. कल्याणहून मस्जिदपर्यंत रोज उभ्यानं जातो, एक हात कडीला आणि दुसऱ्या हातात पुस्तक. गोणी उचलणाऱ्या माणसानं फक्त गोणीची कविता वाचावी असा काही नियम नाही.

आता या कादंबऱ्यांत काय असतं? एक वाडा असतो, नाहीतर जुना बंगला. वाड्यात माजघर, माजघरात पेटी, पेटीत पत्रं. एक लग्न न झालेली आत्या असते, ती संध्याकाळी खिडकीत बसते. कुणीतरी मरतं, मग नातू किंवा नात परत येते, पेटी उघडते आणि दोनशे पानांनी कळतं की आजोबांचं दुसरं घर होतं. मी टिंगल करत नाही. आजोबाचं दुसरं घर हे कुणालाही चटका लावणारंच. पण वाचताना माझ्या डोक्यात पहिला प्रश्न येतो तो जागेचा. आमची खोली दहा बाय बाराची, माणसं सात. माळ्यावर पाण्याचं पिंप. आत्या खिडकीत बसणार कुठं, खिडकीत स्टो होता. शेजारच्या खोलीतला नवरा कूस बदलला तरी आम्हाला ऐकू यायचं. गुपित ठेवायला जागा लागते, मित्रहो. म्हणून मला वाटायचं, आपल्याकडं गुपितं नसतातच. जे असतं ते सगळ्या चाळीला ठाऊक.

हे माझं मत चुकीचं होतं. कसं ते सांगतो, पण वळसा घालून.

विश्राम बेडेकरांची 'रणांगण' १९३९ साली आली. लहानसं पुस्तक आहे, जाता-येता दोन दिवसांत होतं. युरोपातून निघालेली बोट. बोटीवर चक्रधर विध्वंस नावाचा मराठी तरुण आणि हॅर्टा नावाची ज्यू मुलगी. हिटलरच्या तावडीतून सुटून ती माणसं पूर्वेला, जिथं कुणी घेईल तिथं, निघालीत. प्रेम होतं. मुंबईला बोट लागते. तो उतरतो, कारण हा त्याचा देश. ती उतरू शकत नाही. पुढं ती समुद्रात उडी घेते. मी हे वाचलं ते इंदिरा डॉकच्या कॅन्टीनमध्ये, आणि बॅलार्ड पियर तिथून चालत जाण्यासारखा आहे. वाचणारे प्राध्यापक म्हणे या पुस्तकात युद्ध आणि प्रीती बघतात. मी धक्क्यावर उभा होतो. मला बोटीची शिडी दिसत होती. एका जातीच्या, म्हणजे एका वंशाच्या, माणसांना शिडीवरून खाली पाय टाकता येत नाही, आणि प्रेम करणारा माणूस बॅग घेऊन खाली उतरतो आणि मग आयुष्यभर तिची आठवण काढतो! मला त्याचा राग आला. रागानं पुस्तक परत पहिल्यापासून वाचलं. ज्याला उतरता येतं त्यालाच आठवण काढत बसायची सोय असते, हे मला त्या दुसऱ्या वाचनात कळलं. बेडेकरांना ते ठाऊक असावं. त्यांनी त्याला सुखानं राहू दिलेलं नाही.

(इथं एक गंमत. बेडेकरांच्या बायको मालती बेडेकर. त्यांनी १९३३ साली 'कळ्यांचे निःश्वास' लिहिलं ते विभावरी शिरूरकर या खोट्या नावानं. शिकलेल्या पांढरपेशा बाईला स्वतःचं नाव घालायची चोरी. हे नावाचं लक्षात ठेवा, मी परत येणार आहे.)

मग १९६३. त्या एका वर्षात दोन पुस्तकं आली. नेमाड्यांची 'कोसला' आणि बाबुराव बागुलांचा कथासंग्रह 'जेव्हा मी जात चोरली होती'. 'कोसला'त पांडुरंग सांगवीकरची लहान बहीण मनी देवी येऊन मरते. ती पानं वाचताना मी गाडीत होतो, दिव्याला रडलो, मुंब्र्याला नाक पुसलं. तिथं आठवण म्हणजे नुसती आठवण आहे, पदर लावलेला नाही. आणि बागुलांच्या कथेत काय आहे? उधन्याला रेल्वेत नोकरीला गेलेला तरुण. खोली मिळावी म्हणून जात दडवतो. मानानं राहतो, आणि कळल्यावर मार खातो. हे सगळं 'दलित कथा' म्हणून शिकवतात, ठीक आहे. पण मला सांगा, घरातलं गुपित याहून दुसरं काय असतं? त्या वाड्यातल्या पेटीत आजोबांचं एक प्रेमपत्र, आणि या पोराच्या पेटीत त्याचा सगळा जन्म.

आमच्या घरात ही कथा घडली डोंबिवलीत. बापाला फॅक्टरीत नोकरी लागली तेव्हा त्यानं तिथं भाड्यानं खोली घेतली. मालकानं आडनाव विचारलं. बाप म्हणाला, जाधव. गाव विचारलं. साताऱ्याकडं. दोन्ही खरं. आडनाव खरंच जाधव, आणि जाधव दोन्हीकडं असतात हे तुम्हाला सांगायला नको. पुढचा प्रश्न मालकानं विचारला नाही आणि बापानं उत्तर दिलं नाही. झालं गुपित तयार. बाबासाहेबांचा फोटो लोखंडी कपाटाच्या दाराला आतल्या बाजूनं चिकटवला. १४ एप्रिलला आणि ६ डिसेंबरला पहाटे खोलीचं दार लावायचं, कपाटाचं दार उघडायचं, मेणबत्ती लावायची, उजाडायच्या आत विझवायची. मला ताकीद होती, मित्राला घरी आणलंस तर कपाटाला हात लावू द्यायचा नाही. मी पाच वर्षांचा. मला वाटायचं कपाटात पैसे आहेत.

सांगायचा मुद्दा, जागा नव्हती असं मी म्हणालो ते खोटं. जागा होती. कपाटाच्या दाराची आतली बाजू.

आता आपल्या पुस्तकांकडं या. दया पवारांचं 'बलुतं' १९७८ चं. शरणकुमार लिंबाळ्यांचं 'अक्करमाशी' १९८४ चं. तोळ्याचे मासे बारा, अकरा भरले की खोट, म्हणून अक्करमाशी. बाप पाटील, आई मसामाय. शाळेत बापाचं नाव लिहायची वेळ येते तेव्हा गावाला ठाऊक असलेली गोष्ट कागदाला चालत नाही. हे गुपित फार उलटं आहे. वाड्यातलं गुपित घर सोडून कुणाला माहीत नसतं. इथं सगळ्या गावाला माहीत, फक्त बाप कबूल करत नाही. आणि त्यात ती आजी संतामाय आणि तिच्याबरोबर राहणारा मुसलमान दादा. लग्न नाही, जात एक नाही, धर्म एक नाही, पण पोराला पोटाशी घेऊन झोपतात. मराठीत प्रेमाची जोडपी पुष्कळ झाली. मला हे जोडपं सगळ्यांत जास्त लक्षात राहिलंय.

या पुस्तकांना आत्मकथन म्हणतात. कादंबरी म्हणत नाहीत. का? वाड्यातला मुलगा स्वतःच्या बापाची गोष्ट लिहितो, नावं बदलतो, ती कादंबरी. त्याला कुणी विचारत नाही, खरं घडलं का? आपण लिहिलं की पहिला प्रश्न तोच. पुरावा दाखवा. मग आपणही छाती काढून म्हणतो, सगळं खरं आहे, नावानिशी लिहिलंय. त्यात एक ताकद होती, नाकारत नाही. पण त्यात आपल्या घरातल्या माणसांचं काय झालं? 'बलुतं' नीट वाचा. शिकलेला, नोकरीवाला दया पवार बसलाय आणि दगडू मारुती पवार त्याला गोष्ट सांगतोय. एका माणसाचे दोन केलेत. ही कादंबरीचीच युक्ती आहे. सईवर, पहिल्या बायकोवर, घेतलेला संशय, मोडलेला संसार, हे सांगताना त्या माणसाला एका तोंडानं बोलवेना म्हणून दोन तोंडं घेतली, असं मला वाटतं.

आणि सईनं लिहिलं असतं तर?

हा प्रश्न मी आपल्याला विचारतोय, वाड्याला नाही. पोरी मागं बसल्यात, त्यांनी पुढं यावं, जागा आहे. बेबीताई कांबळे फलटणच्या. किराण्याचं छोटं दुकान. पुडी बांधायला रद्दी यायची, ती वाचता वाचता वाचनाचा नाद लागला. मग लिहायला लागल्या. नवऱ्यापासून आणि घरातल्यांपासून लपवून लिहिलं, वह्या वर्षानुवर्षं दडवून ठेवल्या. फलटणला राहणाऱ्या मॅक्सिन बर्नसन यांना कळलं तेव्हा ते लिखाण बाहेर आलं. 'जिणं आमुचं', पुस्तक १९८६ चं. त्यात सगळा महारवाडा आहे, सासुरवास आहे, सुनांची कापलेली नाकं आहेत. फक्त बेबीताईंचा स्वतःचा संसार जवळपास नाही. पुढं २००८ मध्ये माया पंडितांनी इंग्रजी भाषांतर केलं, त्यात मुलाखत आहे. तिथं विचारल्यावर बाई सांगतात, मार आपणही खाल्ला. संशय आपल्यावरही होता. पुस्तकात नाही घातला, कारण ते सगळ्याच बायांच्या वाट्याचं होतं.

मी हे वाचलं आणि दोन दिवस कुणाशी बोललो नाही. आपल्याकडं सगळ्यात मोठी आठवणींची वही ज्या बाईनं लिहिली, तिनं स्वतःची आठवण वहीबाहेर ठेवली. आणि वहीसुद्धा लपवावी लागली ती कुणापासून? मालकापासून नाही, पाटलापासून नाही. आपले कवी, मीसुद्धा त्यातच, मोर्चावर लिहितो, पोलिसावर लिहितो. घरी येऊन ताट आपटतो ते गाळतो. मल्लिका अमर शेख यांनी १९८४ मध्ये 'मला उद्ध्वस्त व्हायचंय' लिहिलं, नामदेव ढसाळांबरोबरच्या संसाराबद्दल. ते पुस्तक आपल्या किती जणांच्या घरात आहे, हात वर करा. बघा.

तर मला कादंबरी हवी. गंमत म्हणून नाही. कादंबरीत नाव बदलता येतं म्हणून. ज्या बाईचं नाव घेता येत नाही तिची गोष्ट सांगायची तर दुसरा रस्ता मला दिसत नाही.

माझी आत्या आमच्याबरोबर त्याच डोंबिवलीच्या खोलीत राहायची. मुलुंडला औषधांच्या बाटल्या पॅक करायच्या कामाला जायची. २००३ साली ती गेली. घरात सांगायचे, कामाला जाताना गाडीतून पडली. गर्दी होती. इथं बसलेल्या कुणाला या वाक्यात काही खोट दिसणार नाही. आपल्या लाइनवर माणसं पडतातच. त्याच महिन्यात आम्ही ती खोली सोडली आणि इकडं कोळसेवाडीत आलो. का सोडली, मी विचारलं नाही.

मोठेपणी एक कागद हाताला लागला. त्यात ती सापडली ती जागा होती, डोंबिवली आणि ठाकुर्लीच्या मधली. तुम्ही ओळखलंत. मुलुंड तिकडं नाही. आईला म्हणालो. आई म्हणाली, बसायला जागा मिळावी म्हणून उलटी कल्याणला जात असेल, बाया जातात. ते खरं आहे. बाया जातात. मी गप्प बसलो.

गेल्या वर्षी ते कपाट गंजून भंगारात काढलं. दाराच्या आतला फोटो सोडवायला मीच बसलो, ब्लेडनं, हळूहळू. फोटोच्या मागं पास निघाला. डोंबिवली ते मुलुंड, सेकंड क्लास, सोबत तिच्या फोटोचं ओळखपत्र. महिना संपला नव्हता. कामाला निघालेली बाई पास घरी टाकून जात नाही. आई भाकरी थापत होती. मी पास परातीशेजारी ठेवला. तिनं हात धुतले, पास पुसला आणि म्हणाली, मीच ठेवला, पोलीस यायच्या आधी. पास घरात दिसला असता तर गाडीतून पडली असं लिहिलं नसतं.

मग एवढंच कळलं. त्याच बिल्डिंगमधला एक पोरगा होता. दोघांचं ठरलं होतं. एक दिवस आत्यानं त्याला बोलावून कपाटाचं दार उघडून दाखवलं. लग्नाआधी माहीत असावं म्हणून. कुणी सांगितलं नव्हतं, तिनं आपणहून. पोरगा काही बोलला नाही, जिना उतरून गेला. मला बॅलार्ड पियरची शिडी आठवली. आईला काही ती माहीत नाही.

मी विचारलं, लिहू का? आई बराच वेळ बोलली नाही. मग म्हणाली, तिचं नाव नको घालूस. बाकीचं लिही. आणि त्या पोराचं नाव घाल.

मी म्हणालो, मला त्याचं नाव माहीत नाही. सांगते म्हणाली. त्याला आता आठ महिने झाले. वहीची चाळीस पानं झालीत. त्याच्या नावाची जागा प्रत्येक पानावर कोरी सोडलीय. परवा रात्री विचारलं तर म्हणाली, जेवून घे आधी, सकाळची पाळी आहे तुझी.